आडातच नाही तर...

आमच्या वाशिमकडे विजेला कुणी वीज म्हणत नाही, 'लाईन' म्हणतात. लाईन आली, लाईन गेली, या आठवड्यात रातची लाईन आहे. शहरातल्या वाचकांसाठी सांगतो, शेतीपंपाला थ्री फेज पुरवठा आळीपाळीने मिळतो. काही दिवस दिवसा, काही दिवस रात्री. रातची लाईन म्हणजे हरभऱ्याच्या ओलिताला डिसेंबरच्या थंडीत रात्री बारा वाजता वावरात जाणं. हातात बॅटरी, पायाखाली चिखल, कुठे रानडुक्कर तर कुठे साप. आणि तासाभराने डीपीवरचा फ्यूज उडाला की तो चिखल तुडवत घरी परत.

हे सगळं आधी सांगायचं कारण म्हणजे पुढे ज्या मशीनबद्दल लिहिणार आहे, तिच्यावर हसणं फार सोपं आहे. मला हसायचं नाही.

माझे थोरले चुलतभाऊ मालेगाव तालुक्यात शेती करतात. आम्ही सगळे त्यांना दादाच म्हणतो. मी वाशिमला कनिष्ठ महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवतो, पण मी शिकलो त्यात दादांच्या कापसाचे पैसे आहेत, ही गोष्ट आमच्या घरात कुणी बोलून दाखवत नाही आणि कुणी विसरतही नाही. तर दिवाळीनंतर दादांचा फोन आला. पुतण्याने मोबाईलवर एक व्हिडिओ दाखवला होता. एक मोटर, तिला पट्टा, पट्ट्यावर भलंमोठं लोखंडी चाक, चाकाला जोडलेला अल्टरनेटर. मोटर चाक फिरवते, चाक अल्टरनेटर फिरवतं, अल्टरनेटरची वीज मोटरला परत, आणि वर उरलेल्या विजेवर बल्ब! एकदा सुरू केली की डिझेल नको, बिल नको, लाईन नको. शेजारच्या जिल्ह्यातला एक जण (नाव लिहीत नाही) अशी ५ एचपीची मशीन एक लाख चाळीस हजारांना बनवून देणार होता. सत्तर हजार आगाऊ. दादांचे सोयाबीनचे जवळपास सगळे पैसे.

"तू शिकला-सवरला मानूस," दादा म्हणाले, "मले एकच सांग. हे खरं हाय का लबाड?"

मी म्हटलं, "दादा, असं होत नाही."

पलीकडे क्षणभर शांतता. मग, "तुमी शिकलेले लोकं समद्याच गोष्टीले नाई म्हंता बाप्पा."

हे वाक्य मला लागलं. कारण त्यात तथ्य आहे. आम्ही मास्तर लोक 'ऊर्जा अक्षय्यतेचा नियम' एवढं म्हणतो आणि विषय संपवतो. पण ज्याचे सत्तर हजार जाणार आहेत त्याला नियमाचं नाव सांगून काय उपयोग? त्याला हिशेब दाखवायला हवा. म्हणून पुढच्या रविवारी गावी गेलो.

पुतण्याने ओसरीवर बसवूनच घेतलं. मी कागदावर मांडलं. मोटरला १००० वॅट दिले, तर चांगल्या मोटरमधून ८५० च्या आसपास बाहेर येतात, बाकीचे तापण्यात जातात (मोटरला हात लावून बघा, ती गरमी म्हणजेच ते वॅट). पट्टा थोडे खातो, ८०० उरले. अल्टरनेटर पुन्हा पंधरा टक्के खातो. हातात आले सातशेच्याही आत. आता या सातशेवर मोटर चालवायची, जिला हजार लागतात, आणि वर बल्बही लावायचा!

दादांना मी वेगळ्या भाषेत सांगितलं. हजार रुपयांचा माल बाजार समितीत नेला. हमाली, तोलाई, गाडीभाडं जाऊन नऊशे हातात आले. त्या नऊशेचा माल घेतला आणि पुन्हा तिथेच विकायला नेला. असं दहा वेळा केलं तर माणूस श्रीमंत होईल का? दादा हसले. "कपडे विकाचे काम पडन," म्हणाले.

"पण काका, चाक आहे ना मधात," पुतण्या सोडायला तयार नव्हता. "फ्लायव्हील. त्याच्यानं पॉवर वाढते."

याचं उत्तर खरं तर दादांकडेच होतं. पूर्वी आमच्या विहिरीवर डिझेल इंजिन होतं. ते बंद केल्यावर जड चाकामुळे थोडा वेळ फटफट करत फिरत राहायचं. किती वेळ? विहिरीतलं पाणी काढण्याइतका? कधीच नाही. चाक म्हणजे विहीर नव्हे, रांजण. जेवढं ओतलं तेवढंच निघतं, थोडं झिरपतंही.

आकडेच पाहायचे तर एक क्विंटल वजनाचं, सुमारे अडीच फूट व्यासाचं भरीव चाक मिनिटाला हजार फेऱ्यांनी फिरवलं, तर त्यात साधारण ४४ हजार ज्यूल ऊर्जा साठते. पाच एचपीचा पंप चालताना सेकंदाला चार हजारांहून जास्त ज्यूल ओढतो. म्हणजे एवढं अवजड चाक पंप चालवणार फार तर दहा-अकरा सेकंद! पण त्याच चाकावर ९ वॅटचा एलईडी बल्ब लावा. निम्मी ऊर्जा घर्षणात गेली तरी तो अर्धा तास आरामात पेटतो. व्हिडिओ असतो दहा मिनिटांचा. त्यात नेहमी बल्बच का असतो, पंप का नसतो, हे आता लक्षात आलं असेल. सगळे व्हिडिओ खोटे असतात असंही नाही. काही जण स्वतःच फसलेले असतात. जिथे बल्ब तासन्तास पेटतो तिथे मात्र कुठेतरी बॅटरी किंवा दडवलेली वायर असते.

मग पुतण्याने चुंबक काढला. चुंबकाची ताकद वर्षानुवर्षं संपत नाही, मग तीच वापरली तर? प्रश्न चांगला आहे, आणि मोठमोठे लोक यात अडकलेले आहेत. मी त्याला वर बघायला सांगितलं. आमच्या जुन्या घराचं आढं कितीतरी पावसाळे छप्पर तोलून उभं आहे. त्याला कधी बिल आलं? नाही. कारण नुसतं धरून ठेवायला ऊर्जा लागत नाही. पण म्हणून आढ्यातून वीज काढता येते का? चुंबकाचं तसंच आहे. लोखंड ओढताना तो जेवढं देतो, तेवढंच लोखंड सोडवताना आपल्याकडून परत घेतो. एक फेरा पूर्ण झाला की हातात शून्य.

ओसरीवर आणखी एक मंडळी बसली होती, आमच्या भावकीतले एक काका. ते म्हणाले, "आपल्या पूर्वजांनी हे आधीच लिहून ठेवलंय." आणि गंमत म्हणजे त्यांचं म्हणणं पूर्ण चुकीचं नाही! भास्कराचार्यांच्या सिद्धान्तशिरोमणीत, ११५० साली पुऱ्या झालेल्या ग्रंथात, खरोखरच आपोआप फिरणाऱ्या चाकाचं वर्णन आहे. हलक्या लाकडाचं चाक, सारख्या अंतरावर पोकळ आरे, त्यांत अर्धा अर्धा पारा भरून तोंडं बंद करायची, आणि चाक आसावर ठेवायचं. त्यांच्या आधी सातव्या शतकात ब्रह्मगुप्तानेही असंच चाक सांगितलं होतं. भास्कराचार्य तर आपल्याच मुलखाशी जोडलेले. चाळीसगावजवळच्या पाटणला त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, त्यांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ स्थापला, तसा शिलालेखच आहे. लिन व्हाइट या इतिहासकाराच्या मते सतत फिरणाऱ्या चाकाची ही कल्पना भारतातून अरबांमार्फत युरोपात गेली, आणि तिथे लोक कित्येक शतकं तिच्यामागे लागले.

पण ते चाक फिरत नाही. पारा एका बाजूला कडेला सरकतो, म्हणून ती बाजू जड वाटते. दुसऱ्या बाजूला तो आसाजवळ येतो, पण तिथे पारा जास्त आऱ्यांत भरतो. दोन्ही बाजू तोलल्या जातात, चाक जरा डुलतं आणि थांबतं. यात भास्कराचार्यांचा कमीपणा तो काय? ऊर्जेचा हिशेब मायर, ज्यूल, हेल्महोल्ट्झ यांनी मांडला १८४० च्या दशकात, म्हणजे सातशे वर्षांनंतर. त्यांचं गणित आजही तपासता येतं आणि बरोबर येतं, म्हणून ते थोर. त्यांना मान द्यायला चाक फिरलंच पाहिजे असं नाही. शिवाय त्यांनी कुणाकडून आगाऊ रक्कम मागितली नव्हती.

आता दादांच्या त्या वाक्याकडे येतो, की शिकलेले लोक ऐकून न घेताच नाही म्हणतात. बाहेरून तसं दिसतं खरं. पॅरिसच्या विज्ञान अकादमीने १७७५ साली ठरवूनच टाकलं की अखंड चालणाऱ्या यंत्रांचे दावे यापुढे तपासायचे नाहीत. आपल्या १९७० च्या पेटंट कायद्यातही कलम ३(अ) आहे, प्रस्थापित निसर्गनियमांच्या उघड विरुद्ध जाणाऱ्या गोष्टीला शोध मानत नाहीत. हे वाचून कुणालाही वाटेल, दार लावून बसलेत.

पण दार किती वेळा उघडलं तेही बघा. १९८९ च्या मार्चमध्ये अमेरिकेतल्या युटामध्ये पॉन्स आणि फ्लाइशमन यांनी काचेच्या भांड्यात, साध्या तापमानाला, अणुसंमीलन घडवल्याचा दावा केला. 'कोल्ड फ्यूजन'. आमच्या मुंबईतल्या भाभा अणुसंशोधन केंद्राने काय केलं? हसले नाहीत. पी. के. अय्यंगार तेव्हा संचालक होते. वेगवेगळ्या गटांनी कामाला हात घातला, आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात अहवाल आला. त्यात न्यूट्रॉन आणि ट्रिटियम सापडल्याची नोंद होती. म्हणजे आपल्याच शास्त्रज्ञांनी बाजूने पुरावा मांडला! पण जगभरात तोच प्रयोग खात्रीने पुन्हा पुन्हा जमेना. पुढे ते काम थंडावलं. तरी २०१५ मध्ये 'करंट सायन्स'ने या विषयावर खास विभाग छापला, आणि गूगलच्या पैशांतून झालेल्या नव्या तपासणीचा निष्कर्ष २०१९ मध्ये 'नेचर'मध्ये आला की तसा परिणाम आढळला नाही. तीस वर्षं! याला 'ऐकून न घेणं' म्हणायचं का? आणि लक्षात घ्या, त्या दाव्यात ऊर्जा शून्यातून येत नव्हती. इंधन होतं, फक्त ते खरंच जळतंय का हा प्रश्न होता.

शून्यातून काढण्याचा दावाही आपल्या देशात एका जाणत्या माणसाने केला. परमहंस तिवारी, अणुऊर्जा क्षेत्रातले वरिष्ठ अभियंते, कर्नाटकातल्या कैगा प्रकल्पावर काम केलेले. अवकाशातूनच ऊर्जा मिळते असा त्यांचा सिद्धांत होता, आणि दिलेल्यापेक्षा जास्त वीज देणारं जनित्र बनवल्याचं ते सांगत. विज्ञानजगताने ते मान्य केलं नाही. पद मोठं असलं म्हणून मशीन फिरत नाही, तसंच दावेदार अडाणी असला म्हणून ती थांबतही नाही. आयर्लंडच्या स्टिऑर्न कंपनीने २००६ मध्ये 'इकॉनॉमिस्ट'मध्ये जाहिरात देऊन शास्त्रज्ञांना आव्हान दिलं, की आमचं चुंबकी यंत्र तपासा. तपासणाऱ्या मंडळाने २००९ मध्ये एकमुखाने सांगितलं, ऊर्जा निर्माण होते असं कंपनीला दाखवता आलेलं नाही. २०१६ मध्ये कंपनी गुंडाळली.

उलट बाजूचं एक उदाहरण मी वर्गात आवडीने सांगतो. शंभर वर्षांपूर्वी किरणोत्साराच्या एका प्रकारात ऊर्जेचा हिशेब जुळेना. थोडी ऊर्जा चक्क गायब! नील्स बोरसारखा माणूस म्हणाला, कदाचित इथे हा नियम लागू नसेल. म्हणजे हा नियम काही वेदवाक्य नाही, त्यावर शंका घेतली गेली, तीही सगळ्यात मोठ्या माणसाकडून. पण १९३० मध्ये पाउलीने सुचवलं, की एखादा न दिसणारा कण ती ऊर्जा घेऊन जात असेल. सव्वीस वर्षांनी, १९५६ मध्ये, तो कण सापडला. न्यूट्रिनो. वहीत चार आणे कमी भरले म्हणून कुणी वही फाडली नाही. चार आणे शोधत बसले, आणि सापडले.

"मग टेस्लाचं काय? कंपन्यांनी दाबून टाकलं ना?" पुतण्याचा शेवटचा बाण. टेस्लाने वॉर्डनक्लिफचा मनोरा उभारला तो वीज आणि संदेश बिनतारी पाठवायला. पाठवायला, शून्यातून बनवायला नव्हे. आणि दाबून टाकण्याबद्दल म्हणाल तर साधा विचार करा. महाराष्ट्र सरकारने एप्रिल २०२४ पासून साडेसात एचपीपर्यंतच्या शेतीपंपांचं बिल माफ केलंय. सुमारे ४४ लाख शेतकरी, आणि वर्षाला १४,७६० कोटींचा बोजा. दीड लाखात कायमची फुकट वीज देणारी मशीन खरी असती, तर सरकारनेच प्रत्येक विहिरीवर ती बसवून हात झटकले नसते का?

हे बोलता बोलता माझ्याच मनात लख्ख पडलं. दादांचं पाच एचपीचं बिल तर आधीच शून्य आहे! वीज त्यांना फुकटच मिळतेय. मग सत्तर हजार कशासाठी द्यायला निघाले होते? फुकट विजेसाठी नव्हेच. दिवसाच्या विजेसाठी. रात्री घरी झोपायला मिळावं म्हणून. मशीन विकणारा 'फुकट' हा शब्द विकत होता, दादा 'झोप' विकत घेत होते.

मी एवढंच म्हटलं, "दादा, माझं ऐकू नका, त्याच्या मशीनचं ऐका. त्याला म्हणा, मशीन आपल्या वावरात आण. बॅटरी नको, दुसरी वायर नको. जमिनीपासून वीतभर उंच ठेवू, चारी बाजूंनी दिसली पाहिजे. आपला पंप जोड आणि एक रात्र चालव. सकाळी पाणी चालू असेल तर सत्तर काय, पूर्ण पैसे रोख द्या. मी निम्मे घालतो."

निम्मे घालतो हे मी मनापासून म्हटलं होतं. अशी मशीन निघाली तर माझी पुस्तकं रद्दीत जातील, पण जगाचं केवढं भलं होईल!

दादांनी फोन लावला. समोरचा म्हणाला, डेमो आमच्या वर्कशॉपमध्येच. वावरात आणता येत नाही. आणि ऑफर फक्त महिनाअखेरपर्यंत. दादांनी फोन ठेवला, तंबाखू मळली, आणि स्वतःशीच म्हणाले, "आडातच नाई तं पोहऱ्यात कुठून येईन?"

मी वर्गात दरवर्षी पाच तासिका घेऊन जे शिकवतो, ते आपल्या म्हणीत इतक्या कमी शब्दांत बसलंय. ऊर्जा अक्षय्यतेचा नियम याहून सोप्या मराठीत मला सांगता आला नसता. पोहरा कितीही चकचकीत करा, रहाटाला किती का चाकं लावा. विचारायचं एकच, आड कुठाय?

सौर पंपाला हा प्रश्न विचारला तर उत्तर मिळतं. आड वर आहे. भर उन्हात एका चौरस मीटरवर जवळपास हजार वॅट पडतात, पॅनल त्यातले साधारण वीस टक्के विजेत बदलतं. बाकीचे वाया जातात हे तो लपवत नाही. पाच एचपीला पंचवीसेक चौरस मीटर पॅनल लागतात, आभाळ आलं की पाणी कमी येतं, रात्री बंद. रात्री बंद! दादांना नेमकं हेच तर हवं होतं. 'मागेल त्याला सौर कृषी पंप' योजनेत सर्वसाधारण शेतकऱ्याला दहा टक्के रक्कम भरावी लागते, बाकी अनुदान. तेही फुकट नाहीच, त्याचा आड सरकारी तिजोरीत आहे, आणि तो भरतो तुमच्याआमच्या करातून. पण निदान आड दाखवता येतो.

निघताना दादांनी विचारलं, "तुहं समदं पटलं. पन मंग या हरबऱ्याले दिवसा लाईन कोन देते?"

याचं उत्तर भौतिकशास्त्रात नाही. पुतण्याने सौर पंपाचा अर्ज भरलाय, यादीत नाव लागायचंय. तोवर रातची लाईन आहेच. अशा चमत्कारी मशीनला लोक का भुलतात असं कुणी विचारलं, की मी हल्ली अज्ञान, अंधश्रद्धा वगैरे बोलत नाही. ज्या गरजेला वर्षानुवर्षं सरळ उत्तर मिळत नाही, तिथे वाकडं उत्तर घेऊन कुणीतरी येतंच. आमच्यासारख्यांनी वाकडं उत्तर खोडून काढावं, अवश्य. पण 'नाही' म्हणून मोकळं व्हायचं नाही, सरळ उत्तरासाठी अर्ज भरेपर्यंत तरी सोबत बसायचं. असो.